बिनरांगोळीची सकाळ

शकुंतलाबाईंनी त्या सोमवारी मुद्दामच दारापुढे सडा टाकला नाही. रांगोळीही काढली नाही. साडेपाचला उठल्या, स्वतःपुरती कॉफी केली आणि खिडकीचा पडदा बोटभर सारून खुर्चीत बसल्या. आपण मेल्याचं गल्लीला किती वेळानं कळतं, ते त्यांना एकदा बघायचं होतं.

मागल्या गल्लीतले महादेवराव तिसऱ्या दिवशी सापडले होते. एकटा माणूस, दाराला आतून कडी. तेव्हापासून शकुंतलाबाईंच्या घशाखाली घास उतरत नव्हता. भाची वनजा बेळगोळला राहायची, तिचा फोन रविवारी यायचा. म्हणजे सोमवारी मेलं की सहा दिवस विचारायला कुणी नाही. त्या सहा दिवसांची त्यांना मरणापेक्षा जास्त किळस यायची.

पण नजरबादमधल्या त्यांच्या कानडी गल्लीत रोज पहाटे दारोदार रांगोळी पडते. एखाद्या दारात पडली नाही, तर त्या घरात कुणीतरी गेलं असंच लोक धरून चालतात. एवढी खूण पुरे व्हायला हवी होती.

सहाला दूधवाला आला. त्यानं फाटकाला पिशवी अडकवली आणि खाली न बघताच निघून गेला. शकुंतलाबाईंनी त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला.

सव्वासहाला समोरचा भुवन जिममधून परतला. एरवी त्यांची रांगोळी चुकवून बाईक लावताना त्याच्या नाकी नऊ यायचे. आज मोकळी जागा दिसताच त्यानं बाईक तिथंच उभी केली आणि शीळ घालत घरात गेला.

"मेल्या," शकुंतलाबाई पडद्याआडून पुटपुटल्या, "माझ्या सुतकात शीळ घालतोस!"

सुमावर मात्र त्यांचा भरवसा होता. अकरा वर्षं रोज फाटकाला हातभर शेवंती अडकवून जाणारी फूलवाली. सुमा आली, टोपलीतून माळ काढली आणि जमिनीकडे बघून थबकली. शकुंतलाबाई खुर्चीत पुढे सरकल्या. सुमानं माळ पुन्हा टोपलीत ठेवली, कारण सुतकाच्या घरी फूल द्यायचं नसतं. तिनं हात जोडले आणि झपाझप पुढच्या घराकडे गेली. कोण गेलं, हेही विचारलं नाही. त्या घरात जायला दुसरं होतं तरी कोण?

शकुंतलाबाईंना रडू नाही, संताप आला. रांगोळी नसली की लोक धावत येतील, अशी त्यांची समजूत होती. रांगोळी नसली की लोक ते दार टाळतात, हे त्या विसरल्याच होत्या. जन्मभर त्यांनी स्वतः दुसरं काय केलं होतं?

सातवर चाळीस मिनिटं झाली आणि फाटक एवढ्या जोरात आपटलं की पडदा त्यांच्या हातून सुटला. शेजारची जानकी होती. दोघींचं सहा महिने बोलणं बंद होतं. जानकीला नाशकाहून येऊन बारा वर्षं झाली, तरी तिच्या लेखी रांगोळी म्हणजे दिवाळी. खालची कोरी जागा तिला दिसलीच नाही. ती दोन्ही हातांनी दार बडवू लागली.

शकुंतलाबाईंनी कडी काढली.

"झोपा काढताय?" जानकी ओरडली. गाउनवर ओढणी, केस विस्कटलेले. "आज सड्याची बादली का नाही आपटली?"

"तूच पोलिसात जाते म्हटलीस की गं. पहाटे बादली आपटते म्हणून."

"म्हटलं होतं! ऐकलंत तुम्ही? नाही ना? मग मी अलार्म लावणंच सोडून दिलं. सगळं घर तुमच्या बादलीवर उठतं. आज सगळेच्या सगळे झोपून राहिलो. ईश्वरीची स्कूल बस गेली. परीक्षा आहे तिची!"

शकुंतलाबाई तिच्याकडे बघतच राहिल्या. त्यांच्यावाचून आज एका घरात खोळंबा झाला होता. तोही नेमका या बाईच्या. त्यांना बरं वाटलं, आणि बरं वाटल्याचा रागही आला.

"मी मेले असते तर?"

"काय?"

"मेले असते आज, तर? कोणाला गोत्तु, कोणाला कळणार होतं? दूधवाला गेला, तो भुवन गेला, फूलवाली हात जोडून गेली. अय्यो, एकानं दार वाजवलं नाही!"

जानकीनं आता मागं वळून दारापुढची जमीन बघितली. मग तिचा चेहरा लाल झाला.

"म्हणजे हे मुद्दाम? कोण येतं ते बघायला माझ्या पोरीची बस घालवलीत?"

"आणि आलं कोण? तू! नोडु, बघ माझं नशीब."

"मी भांडायला आलेय."

"ते दिसतंय. पण आलीस."

जानकी दोन पायऱ्या उतरली आणि परत वर आली. बोट रोखून म्हणाली, "उद्यापासून साडेपाच म्हणजे साडेपाच. पावणेसहापर्यंत आवाज आला नाही, तर दार तोडून आत येईन. सांगून ठेवते."

"सागवानी दार आहे. तुझ्यानं तुटतंय होय!"

शकुंतलाबाई आत गेल्या आणि देवघरातून जादा किल्ली घेऊन आल्या. त्यांनी ती जानकीच्या तळहातावर जवळजवळ आपटलीच.

"आजपासून कडी घालत नाही. नुसतं लॅच."

जानकीनं झुरळ धरावं तशी ती किल्ली दोन बोटांत धरली. बघितली. मग मूठ मिटून पायऱ्या उतरू लागली.

"आणि ऐक," शकुंतलाबाई मागून ओरडल्या. "चपला बाहेर काढून यायचं. मी मेलेली असले तरी!"