कोरं पाणी

फाटकाला कुलूप होतं. परवापर्यंत इथे फाटकच नव्हतं, मग कुलूप कुठलं! नासारिओनं गाडी थांबवली आणि तो बघतच राहिला. मागे सहा पाहुणे घामानं निथळत बसले होते. सकाळभर जुन्या मंदिराच्या पायऱ्या चढून-उतरून त्यांच्या पायांचे तुकडे पडले होते आणि आता त्यांना डोहात उडी मारायची होती. जिथे कुणीच पोहत नाही असा डोह दाखवतो, असं सांगून तर त्यानं त्यांना आणलं होतं.

फाटकाआड गास्पार कानुल खुर्ची टाकून बसला होता. अंगात कुठल्याशा हॉटेल कंपनीचा नवाकोरा सदरा. नासारिओच्या पोरीला पहिल्यांदा कडेवर बसवून टेबलाभोवती फेऱ्या मारल्या त्या ह्याच गास्पारनं. हा मान गावात ऐऱ्यागैऱ्याला देत नाहीत. ज्याला दिला तो पोरीचा धर्मबाप, आणि पोरीच्या बापाचा कोंपाद्रे; सख्ख्या भावाहून जवळचा.

"जागा आता कंपनीची आहे, कोंपाद्रे," गास्पार खुर्चीतून न उठता म्हणाला. "गाडी मागं घे."

नासारिओचं डोकंच फिरलं. जमीन खचून झालेला तो खोल डोह त्याच्या बापाच्या वाट्याच्या रानात होता, पणज्या-खापरपणज्यापासून. रान गावाच्या सामाईक जमिनीतलं, विकायचं तर गावसभेत हात वर व्हावे लागत. बाप गावाचा पावसाचा पुजारी. पावसाच्या देवांना लागणारं कोरं पाणी तो वर्षातून एकदा इथूनच भरून न्यायचा. माणसाचं अंग लागलेलं पाणी त्या पूजेला चालत नाही, म्हणून एरवी इथे चिटपाखरू फिरकत नसे. दोन सालांमागं मोठे डोह शहरातल्या बसवाल्यांनी बळकावले, तेव्हापासून नासारिओ आपली पाच-सहा माणसांची टोळी गुपचूप इथे आणू लागला. त्यानं रीत काही सोडली नव्हती हं. पाहुण्यांना पाण्यात सोडण्याआधी तो काठावर मक्याचं पांढरं पेय ठेवायचा, डोहाच्या अदृश्य राखणदारांची परवानगी मागायचा. पाहुणे फोटो काढायचे. नीट विचारून उतरलं की देव कशाला रागावतोय, असं त्याचं म्हणणं. बायकापोरांच्या तोंडी घास पडत होता तो ह्या डोहावरच. तो गेला तर उद्यापासून गाडी कुठे न्यायची?

त्यानं गास्पारला नाही नाही ते सुनावलं. खाल्ल्या घरचे वासे मोजणारा म्हणाला. माझ्या अंगणात पुरून भाजलेलं डुक्कर पोटभर हाणलंस आणि केसानं गळा कापलास म्हणाला. भरसभेत हात वर करून माझं रान कंपनीच्या घशात घालताना पोरीचं तोंड आठवलं नाही का, असंही विचारलं. गास्पार मान खाली घालून ऐकत राहिला. उलटून बोलत नाही म्हणजे चोर हाच, अशी नासारिओची खात्री पटली.

त्याचं ओरडून झाल्यावर गास्पार म्हणाला, "सभेत विषय काढला तुझ्या तातनं. पहिला हात वर गेला तोही त्यांचाच. इथं राखणीला मला बसवलं तेही त्यांनीच."

नासारिओनं पाहुण्यांना मोठ्या डोहावरच्या गर्दीत नेऊन सोडलं. ते कुरकुरले, त्यानं ऐकलं नाही. घराकडे येताना त्याला वाटेत एकच गोष्ट वाटत होती, की गास्पार खोटं बोलला असू दे. परक्यानं फसवलं तर माणूस शिव्या देऊन मोकळा होतो. बापाला काय म्हणायचं?

म्हातारा प्रिमितिवो झावळ्यांच्या छपराखाली टांगलेल्या दोरीच्या झोळीत बसला होता. नासारिओनं विचारलं आणि त्यानं सरळ हो म्हटलं. आढेवेढे नाहीत, सबब नाही. नासारिओ दारातच मटकन बसला आणि रडला. पोरंबाळं असलेला माणूस, पण हमसून हमसून रडला.

"तात, तुमचा मी एकुलता एक. मला एका शब्दानं विचारावंसं वाटलं नाही तुम्हाला?"

म्हाताऱ्यानं त्याला रडू दिलं. मग गेल्या सालच्या पूजेचं सांगू लागला. उपास धरले होते. डोहाचं पाणी डोक्यावरून आणलं होतं, वाटेत कुणाशी बोलला नव्हता. पाऊस बोलवायला वेदीखाली पोरं बेडकांसारखी ओरडत होती, गावानं घरटी एक कोंबडी दिली होती. तरी आभाळ हललं नाही. मका उभ्या उभ्या करपला. म्हाताऱ्याची वाचा विटली, देव आता त्याचं ऐकत नाहीत, असं लोक माघारी बोलले. त्याला स्वतःलाही ते पटलं. कुठे चुकलो, कुठला शब्द गाळला, हेच तो वर्षभर रात्रंदिवस आठवत बसला होता.

"ह्या सालच्या पूजेआधी वाट साफ करायला गेलो," तो म्हणाला. "खालून हसणं ऐकू आलं. झाडाआड बसलो. तू एका बाईला हात देऊन पाण्यात उतरवत होतास."

नासारिओचं रडणं थांबलं.

"गावाला सांगितलं असतं तर त्यांनी तुला बायकापोरांसकट हाकललं असतं. आणि तिथलं पाणी पुन्हा देवांपुढे ठेवायला माझा हात धजला नसता. जागाच गेली, की मला कुणी विचारणार नाही तिथून पाणी का भरत नाहीस म्हणून." म्हाताऱ्यानं पहिल्यांदा त्याच्याकडे पाहिलं. "पाणी तू केव्हाच विकलं होतंस, पोरा. मी विकला तो नुसता खड्डा."