सात आठे

“सात चोक?” निर्मळेबाईंनी कार्ड वाचलं. “अठ्ठावीस!” म्हणत एक पोरगी लंगडी घालत पुढच्या घरात गेली. शाळेच्या अंगणात खडूने घरं आखलेली होती. उत्तर चुकलं की आउट. फक्त हिरा कच्चं लिंबू. आजारपणात तिची शाळा बुडाली होती, म्हणून बाई तिला दोनचाच पाढा विचारायच्या आणि चुकली तरी आउट करायच्या नाहीत.

आठवडाभर हिरा खुशीत खेळली. आता मात्र ती पायरीवर बसून नखं कुरतडत होती. सकाळपासून चार वर्ग सांभाळून आणि सर्वेक्षणाचे कागद भरून बाईंचा जीव मेटाकुटीला आला होता. घंटेची हातोडी मांडीवरच होती. शाळा सुटायला पाच मिनिटं.

“का गं, कंटाळलीस?”

“बाई, एकदा तरी मला आउट करा ना.”

 बाईंनी सातच्या कार्डांचा गठ्ठा उचलला. “सात आठे?”

हिरा ताडकन उठून पहिल्या घरात एका पायावर उभी राहिली. “चौपन्न!”

“आउट!” सगळी पोरं ओरडली. हिरा खुदकन हसली आणि पायरीवर जाऊन पुटपुटू लागली, “सात सक बेचाळीस, सात साती एकोणपन्नास...”

बाई कशाबशा उठल्या, घंटेपाशी गेल्या आणि त्यांनी हातोडी उगारली.

“बाई, थांबा! छप्पन्न! अजून एक डाव!”

दुपारपासून त्या या घंटेचीच वाट बघत होत्या. हातोडी खाली ठेवून त्यांनी सातचा गठ्ठा पुन्हा पिसला.