आधी तुम्ही सांगा

सकाळी दहाला टपाल कचेरीच्या पायऱ्यांवर आठ जण जमले. त्यांतली एक गाइडबाईंची मुलगी होती. तिने तिकीट मैत्रिणीच्या नावावर काढलं होतं आणि आईला काही कळवलं नव्हतं.

आईच्या डोळ्यांचं काहीतरी बिनसलंय, असं दादाचं म्हणणं होतं. मागच्या महिन्यात भर दुपारी जिन्यात शेजारीणबाई समोर आल्या, तर आईने त्यांना ओळखलं नाही. विचारलं तर म्हणाली, "घाईत होते." डॉक्टरचं नाव काढलं की ती फोन ठेवायची. शेवटी भावंडांनी ठरवलं, मुलीने गुपचूप तिच्या शहरफेरीत सामील व्हायचं आणि काय ते बघायचं. डोळे अधू झाले असतील तर काम बंद, बिऱ्हाड दादाकडे. काम बंद झालं तर आईचं काय होईल, हे मुलीला ठाऊक होतं. बाबा गेले त्या महिन्यातही आईने एक फेरी चुकवली नव्हती.

"आले का सगळे?" बाईंची नजर आठही जणांवरून फिरली. मुलीवर क्षणभरही न थांबता पुढे गेली.

मुलीला हसू आलं. हा आईचा जुना नियम. कामावर ती कुणाची आई नसायची. लहानपणी एकदा मुलीने ऐन फेरीत "आई, पाणी!" म्हणून भोकाड पसरलं, तेव्हा उत्तर आलं होतं, "पाहुणीबाई, नळ उजव्या हाताला आहे." म्हणजे आईने पाहिलंय आणि नाटक सुरू केलंय. ठीक. आपणही पाहुणीच राहू. तिने तोंडाला कुलूप लावलं.

"आधी तुम्ही सांगा," बाई म्हणाल्या. "दारावर पहिल्यांदा काय दिसतं?"

"घुबडं," एक निवृत्त शिक्षक म्हणाले.

"कबुतरं आहेत ती," त्यांची बायको.

"अगं, घुबडाच्या डोक्यावर कबुतर बसलंय."

"लग्न झाल्यापासून हेच," बायकोने बाकीच्यांना सांगितलं. "मी दाखवायचं आणि यांनी खोडायचं."

"घुबडं दगडाची, कबुतरं फुकटची," बाई म्हणाल्या. "डावं घुबड डोळे उघडे ठेवून बसलंय, ते रात्रपाळीच्या कारकुनांचं. उजवं झोपलंय, ते दिवसपाळीचं. आत जाऊन खात्री करून घ्या."

सगळे हसले. पूर्वी आई कुणाला मध्ये बोलू द्यायची नाही. आता ती प्रत्येक ठिकाणी आधी पाहुण्यांना बोलतं करत होती. ही नवी रीत मुलीला आवडली.

वाचनालयाचा गोल लोखंडी जिना बाई कठड्यावर हात ठेवून झरझर चढल्या. वर वेलबुट्टीतलं एक पान लोखंड ओतणाऱ्याच्या चुकीने उलटं बसलं होतं. लोक शोधत असतानाच बाईंनी त्यावर नेमकं बोट ठेवलं. पुढे ओसरीत सफाईवालीची बादली होती. बाईंचा पाय लागला, बादली आडवी झाली, पाणी पसरलं.

"हा पुतळा गेल्या आठवड्यात इथे नव्हता," बाई म्हणाल्या. सफाईवालीसुद्धा पदरात तोंड लपवून हसली. बोलायला लागली की आईचं पायाखाली लक्ष कधी होतं? मुलगी मनात म्हणाली.

नाट्यगृहात सगळ्यांनी माना वर केल्या. छतावर मोठं चित्र होतं.

"आधी तुम्ही सांगा."

"होड्या," दोन मैत्रिणी एकदमच म्हणाल्या. "बाप रे, केवढ्या!"

"सगळ्यात मागच्या होडीत कोण आहे?"

"एक बाई. पाठमोरी."

"चित्रकाराने बाकी सगळ्यांचे चेहरे रंगवले, तिचा तेवढा सोडला. काठावर उभं राहिलं की जाणाऱ्याची पाठच दिसते. आपण काठावर आहोत."

एकाच कचेरीतली तिघं सकाळपासून फोटो काढण्यात गुंग होती, त्यांचे फोनही खाली आले. जिला एवढं दिसतं तिचे डोळे अधू कसे असतील? मुलीने तिथूनच दादाला निरोप धाडला. *डोळे ठणठणीत. आपण उगाच घाबरलो.* लगेच उत्तर आलं. *सुटलो. विषय बंद.*

लोक बाहेर पडू लागले. मुलगी मागे रेंगाळली. बाई तिच्या दिशेने आल्या, अगदी जवळ. आता नियम संपला, आता कान पकडणार, असं मुलीला वाटलं.

"एकट्याच आलात ना?" बाईंनी हळू आवाजात विचारलं.

मुलीने हसून मान डोलावली. बाई उत्तराची वाट बघत थांबल्या. मग स्वतःच पुढे बोलल्या.

"मघापासून शब्द नाही तुमचा. भल्या वाटता, म्हणून सांगते. माझी मुलगी आज माझी परीक्षा घ्यायला येणार आहे. मुलाच्या तोंडात तीळ भिजत नाही, कालच बोलून गेला. मला चेहरे दिसत नाहीत हो, वर्ष झालं. ती असती तर एव्हाना चार वेळा मला टोकलं असतं, गप्प बसणं तिला जमत नाही. पण खात्री केलेली बरी. त्या फोटोवाल्यांत कुणी उंच, सडसडीत, माझ्यासारख्या नाकाची आहे का बघता? पुढची इमारत नवी आहे, ती मला अजून पाठ झालेली नाही. मुलगी दिसली तर काही बोलू नका, नुसती माझी बाही ओढा. मी सांभाळून चालेन."

मुलगी जागची हलली नाही.

बाईंनी हात थोडा पुढे केला, बाही ओढायला सोपी जावी म्हणून.