निळ्या रुमालातली आई

बाळांनो, जरा डोळे मिटा आणि एक खोली उभी करा. कुवेतच्या हवल्ली भागातल्या जुन्या इमारतीचा चौथा मजला. बाहेर उन्हाने डांबर मऊ झालंय. आत पडदे ओढलेले, एसी घरघरतोय. टीव्हीला कॅमेरा जोडलाय आणि निळा रुमाल बांधलेली एक रशियन बाई बोलते आहे. समोर दहा वर्षांची शर्वरी पाय पोटाशी घेऊन बसली आहे. दिसली?

साल दोन हजार एक. शर्वरीचा बाबा, शैलेश, पूर्वी पुण्यात वार्ताहर होता. आईच्या तेल कंपनीतल्या नोकरीमुळे कुवेतला आल्यावर तो माहितीपट करू लागला. सैन्यात जाऊन नाहीशा झालेल्या मुलांच्या आया शोधत तो दोन महिने रशियात हिंडून आला होता. सगळ्या पाठमोऱ्या बसून बोलल्या होत्या. ही एकटीच समोरून.

"हिच्यावर फिल्म उभी आहे," बाबा रिकाम्या खोक्याच्या तळाला चिकटपट्टी लावत म्हणाला. "बाकीच्या भ्यायल्या. ही वाघीण!"

चार वाजता कुरियरवाला कॅसेट न्यायला येणार होता. कॅसेट एकच. नक्कल काढायला सवड झाली नव्हती.

पडद्यावर बाई काहीतरी पुटपुटली. बाबाचा आवाज "हं, हं" म्हणाला. मग दुभाष्याने इंग्रजीत सांगितलं, ती म्हणते, माझा चेहरा खुशाल दाखवा.

शर्वरी ताडकन उठली.

शाळा सुटल्यावर ती रोज खालच्या मजल्यावर लीनामावशीकडे असायची. सीरियन डॉक्टरची ही रशियन बायको स्वतःच्या मुलांबरोबर तिलाही जेवू घालायची, दटावायची, आणि तेही रशियनमध्येच. तीन वर्षांत शर्वरीला सगळं कळू लागलं होतं.

"बाबा, दॅट्स राँग! ती म्हणतेय, चेहरा दाखवू नका. सैन्यातल्या लोकांनी बघितलं तर धाकट्यालाही नेतील. मारून टाकतील त्याला."

बाबाचा हात थांबला.

"त्या दुभाष्याने फसवलं तुला! तुला रशियन येत नाही ना, म्हणून."

"कुणाला बोललीस हे?"

"कुणालाच नाही. आत्ता तर ऐकलं."

"शहाणी माझी ती." त्याने कॅमेऱ्यातली कॅसेट उलटी फिरवून सुरुवातीला आणून ठेवली.

तेवढ्यात दारावरची घंटा वाजली.

बाबा तिच्यासमोर उकिडवा बसला. तिच्या कपाळावरची बट मागे सारली. मग हळू आवाजात, अगदी लीनामावशीच्या सफाईने, तो रशियनमध्ये म्हणाला, "मला तेव्हाच कळलं होतं, राणी. तू आता गप्प राहायचं."

तो दार उघडायला वळला. शर्वरीने कॅमेरा त्याच्या पाठीवर रोखला आणि त्याच फितीवर, त्या बाईच्या चेहऱ्यावरून, नवं चित्रण सुरू केलं.