आठशे वर्षांची मारबत

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी योगराजनं मुर्री गावातल्या आपल्या आईला व्हिडिओ कॉल लावला आणि आपलं इंग्लंडमधलं चिमुकलं खेडं दाखवत निघाला. चर्च झालं, दगडी पूल झाला. गावाच्या शिवेवर गोऱ्या म्हाताऱ्या हातातल्या फांद्या फेकत ओरडत होत्या. शेजारी गाइड पर्यटकांना काहीतरी समजावत होता.

"काय सांगून राहिला गा तो?" धुरपताबाईनं विचारलं.

"रोगराई गावाबाहेर घालवायची इथली आठशे वर्षांची प्रथा आहे म्हणते, माय."

धुरपताबाईनं फोन कानाशी धरून ओरडणं नीट ऐकलं. मागच्या पोळ्याला लेकाकडं गेली होती, तेव्हा तिनंच या बायांना शिवेवर नेऊन, फांद्या फेकत "रोगराई घेऊन जाय गे मारबत" असं ओरडायला शिकवलं होतं.

"आठशे वर्षं झाली," ती म्हणाली, "अन् अजून धड बोंबलता येत नाही?"