तिसरा खडा

धारूरच्या घाटात शेळ्या राखताना भामाबाईला काळ थांबवणारे तीन निळे खडे सापडले होते. खडा मुठीत चुरला की जग थबकायचं, तीच तेवढी चालायची. पहिल्यानं कड्यावरून घसरलेलं करडू वाचलं, दुसऱ्यानं लांडगा चुकवला. तिसरा तिनं स्वतःचं मरण थोपवायला राखला होता. आज सप्ताहातलं काल्याचं कीर्तन रंगलं होतं. सात दिवस जमिनीला न टेकलेली वीणा मुंजाजीआप्पांच्या गळ्यात होती. त्यांना भोवळ आली, वीणा निसटली. भामाबाईनं तिसराही चुरला. टाळ थांबले, वीणा हवेत राहिली. तिनं ती गळ्यात घातली आणि आप्पांना धरलं. टाळ पुन्हा वाजले. "बाईच्या गळ्यात वीणा?" सरपंच गरजले. "काढ!" "मंग भुईवर ठिवू?" भामाबाईनं विचारलं. कीर्तनकार महाराज गादीवरून उतरले, भामाबाईच्या पायांवर वाकले. गळ्यात वीणा असेल त्याच्या पाया पडायची रीतच; त्यांच्यामागं रांग लागली. पाळी आली तसे सरपंच अडखळले. भामाबाई म्हणाली, "बेगीन वाका, सरपंच. मागं लई माणसं हायेत."