मातीसकट

या, असे शेगडीजवळ सरकून बसा. अल्डोनाबाईंनी विहिणीला दिलेल्या रोपाची गोष्ट आहे. शेवटी एक मागणं मागेन, तेवढं नाही म्हणू नका.

ऑक्टोबर सरत आला होता. पोलंडमधल्या त्या खेड्यात जमीन गोठायच्या आत बागा आवरायची घाई चालली होती. अल्डोना गुडघ्यांखाली पोतं घेऊन पिओनीच्या फुलझाडाचा जुना गड्डा उपसत होती. तेवढ्यात कुंपणाशी गेनोव्हेफा येऊन उभी राहिली. तीन वर्षांत पहिल्यांदा.

"विहीणबाई! वाट चुकलात काय?" अल्डोनानं मानही वर केली नाही.

"एक फोड पाहिजे होती. या पिओनीची."

"अख्खी बाग पडलीय. नेमकी हीच?"

"हीच."

ही पिओनी अल्डोनाच्या मुलानं, वितेकनं लावलेली, दहा वर्षांचा असताना. पुढं गेनोव्हेफाच्या लेकीशी, हानकाशी लग्न करून तो ग्दान्स्कला गेला, बंदरावर कामाला लागला आणि तिथंच माल उतरवताना गेला. त्याला मूठमाती दिली तेव्हा त्याची आई खुबा मोडून इस्पितळात पडली होती. त्यानंतर आगगाडीची पायरी काही तिला चढता आली नाही. मुलाची कबर तिनं पाहिलेलीच नव्हती. हानकाचं नाव माझ्या दारात काढायचं नाही, असं तिनं गावाला बजावून ठेवलं होतं.

पोरगा नेला, आता पोराचं झाडही पाहिजे!

"देते की," अल्डोना गोड आवाजात म्हणाली. "रोपाला कधी नाही म्हणू नये."

तिनं सुरीनं गड्डा फोडला, तीन गुलाबी डोळे असलेली फोड वेगळी केली आणि कापाला चोळायला राख आणते म्हणून कोठाराआड गेली. तिथं पांढऱ्या मुळीचं तण माजलं होतं. नखाएवढा तुकडा राहिला तरी दोन उन्हाळ्यांत अख्खा वाफा गिळणारं. गड्ड्याच्या बेचक्यात शिरलं, की मग देवानंही हात टेकावेत. अल्डोनानं राख चोळली, चार मुळ्या बेचक्यांत बोटानं दाबल्या आणि वरून माती थापली.

"माती झटकून देऊ?" परत येऊन तिनं विचारलं.

"नको, नको! तुमच्या मातीसकटच द्या."

अल्डोनाला हसू आवरेना. "न्या, सगळंच न्या. डोळ्यांवर दोन बोटं माती घाला, जास्त नको, फुलायची नाही. थंडीसाठी वर फरच्या फांद्या."

"वाऱ्याला टिकेल ना? फार वारा असतो."

"तुमच्या परड्यात कसला आलाय वारा? भिंतीपायी तिथं ऊनसुद्धा येत नाही!"

गेनोव्हेफानं दोन्ही हात पुढं केले. फोड ओल्या गोणपाटात गुंडाळून, तान्हं मूल धरावं तशी छातीशी धरून निघून गेली. आभार मानले नाहीत. रोपाचे आभार मानले की रोप जगत नाही, हे त्या गावात शेंबडं पोरही जाणतं.

त्या रविवारी चर्चमध्ये अल्डोना तीन वर्षांत पहिल्यांदा मोकळ्या गळ्यानं गायली. वसंतात विहिणीच्या भिंतीवरून डोकावायचं, हे तिनं ठरवूनच टाकलं होतं. सर्व संतांच्या सणाला, लोक आपल्या माणसांच्या कबरींवर दिवे लावतात तेव्हा, तिनं वितेकच्या नावानं खिडकीत दिवा लावला. "घेतला रे सूड," ती ज्योतीला म्हणाली.

दोन दिवसांनी गेनोव्हेफा दारात आली. हातात रिकामं गोणपाट.

"आधी सांगितलं असतं तर हानकाचं नाव निघालं असतं, आणि तुम्ही दार लावलं असतं," ती म्हणाली. "ग्दान्स्कला जाऊन आले. तुम्ही सांगितलं तस्संच लावलं, डोळ्यांवर दोन बोटं माती, वर फांद्या. त्याच्या अंगावर आईच्या अंगणातली माती असावी, एवढंच हानकाच्या मनात होतं. आता नाही हलायची पिओनी वितेकच्या कबरीवरनं."

मागणं एवढंच, मंडळी: दिवा लावाल तेव्हा वितेकच्या आईची आठवण ठेवा.